कडुनिंब, टॉवर आणि अभिजित

आठवीच्या पोरांना पराशय शिकवायचा होता, म्हणजे आपण जागा बदलली की जवळची वस्तू मागच्या वस्तूपुढे सरकलेली दिसते तो कोन. डोळ्यासमोर अंगठा धरून एकेक डोळा मिटायचा खेळ दोन मिनिटांत संपला, म्हणून त्यांना घेऊन वावरात गेलो. यवतमाळकडचं आमचं गाव, नोव्हेंबरचा शेवट, कापूस फुटलेला. धुऱ्यापलीकडच्या कडुनिंबापर्यंतचं अंतर तिथं न जाता काढायचं होतं.

फळीवर कोनमापक, त्यावर रिफिलची नळी, एवढंच यंत्र. कडुनिंबाआड मोबाइलचा टॉवर बरोबर लपेल तिथं खुंटी ठोकली. तिथून काटकोनात 40 मीटर सरकलो, तर झाड आणि टॉवर यांच्यात 11 अंश. 40 ला टॅन 11 ने भागलं, आले 206 मीटर.

मग टेप लावला. तेवढ्यात वावरमालक काका धावत आले. "काहून जी मास्तर, रोड जाते का वावरातून?" त्यांची समजूत घालून मोजलं तर 174! बत्तीस मीटरची चूक, तीही पोरांसमोर.

रात्री जेवताना कळलं. टॉवर जेमतेम किलोमीटरभरावर. 40 मीटर सरकलो की तोच सव्वादोन अंश सरकतो. मी त्याला अचल धरून बसलो होतो.

दुसऱ्या दिवशी रात्री साडेआठला पुन्हा तिथंच, आता टॉवरऐवजी तारा धरायचा; तो इतका लांब की 40 मीटरनं हालत नाही. वायव्येला अभिजित ही ठळक तारका झाडाकडे उतरत होती. पण तारा चार मिनिटांत एक अंश फिरतो, म्हणजे दोन्ही टोकांना एकाच क्षणी बघायला हवं. खुंटीवर पोरगा ओळंबा धरून उभा, दुसऱ्या टोकाला मी. अभिजित झाडाच्या बरोबर वर येताच तो ओरडला, "आली सर!" मी माझ्या ओळंब्याच्या दोऱ्यावर तारा धरला आणि कोन वाचला: 13 अंश. म्हणजे 173 मीटर. त्या एका मीटरचं मला काहीच वाटलं नाही.

परतताना सांगितलं, हीच अभिजित 1835 मध्ये स्ट्रूव्ह या खगोलशास्त्रज्ञाने मोजायला घेतली. पृथ्वी सहा महिन्यांत सूर्याच्या पलीकडे जाते, आमच्या 40 मीटरच्या जागी ती 30 कोटी किलोमीटरची त्याची दोरी. पराशय धरतात तो मात्र निम्म्या दोरीचा, आणि अभिजितचा तो जेमतेम 0.13 विकला, एका अंशात 3600 विकला. अंतर साधारण 25 प्रकाशवर्षं.

"मग तिच्यामागं टॉवर कोणता धरला त्यानं?"

"शेजारची एक मंद तारका."

"अन् ते नाही हालत?"