ससाणा की स्पॅरोहॉक: फोल्डरमधलं सगळ्यात जुनं प्रश्नचिन्ह पुसलं

मंडळी, सुटला एकदाचा! ओळख न पटलेल्या पक्ष्यांच्या फोल्डरमधल्या ज्या काळ्या सावलीवरून मी तुमचं इतकं डोकं खाल्लं, तो पक्षी ससाणाच आहे. आणि गंमत म्हणजे निकाल पंखाच्या टोकावर लागला नाही, शेपटीवर नाही, उडण्याच्या ढबीवरही नाही. लागला तो पंखातल्या फटींवर.

मागचं वाचलेल्यांना त्या पक्ष्याची व्हिडिओ क्लिप आठवत असेल. उजेडाच्या विरुद्ध, बऱ्याच उंचीवर, रंगाचा मागमूस नाही. लहान अंगाचा शिकारी पक्षी, निमुळते पंख, लांब शेपूट, आणि फडफड जवळपास नाहीच, नुसता घसरत जातो आणि शेवटी वळतो. मी शिक्रा, बेसरा, युरेशियन स्पॅरोहॉक या सगळ्यांना मिळून नेहमीप्रमाणे ‘स्पॅरोहॉक’ म्हणणार आहे. इथे भांडण जातीचं नव्हतंच, घराण्याचं होतं.

‘टोकदार पंख तो ससाणा, गोल पंख तो स्पॅरोहॉक’ हे आपण पहिल्याच दिवशी शिकतो आणि दुसऱ्या दिवसापासून त्यातच फसायला लागतो. पंख पूर्ण ताणलेले असतील तोवर नियम बरोबर आहे. पण स्पॅरोहॉक वेगात घसरत निघाला की मनगट पुढे काढतो, हाताची पिसं मागे मिटतो, आणि बोटं, म्हणजे टोकाची सुटी दिसणारी पिसं, एकमेकांखाली जाऊन टोक अणकुचीदार होतं. उलट केस्ट्रेल, म्हणजे एक लहान ससाणा, थर्मलवर (वर चढणाऱ्या गरम हवेवर) चढायला लागला की पंख आणि शेपूट इतकी पसरतो की टोक चांगलं बोथट दिसतं. भरीला लेव्हंट आणि चायनीज स्पॅरोहॉक आहेतच, त्यांचे पंख मुळातच निमुळते. मार्गदर्शक पुस्तकांतल्या चित्रांवर माझा राग आहे तो यासाठीच. तिथे प्रत्येक पक्षी पंख आडवे पसरून शिस्तीत उभा. आकाशात असा पक्षी क्वचितच भेटतो.

बोटं मोजायचा प्रयत्न अर्थातच केला होता. युरेशियन स्पॅरोहॉकला सहा सुटी बोटं, शिक्र्याला पाच, हे पंख ताणलेल्या फोटोत फार कामाचं आहे. शिक्रा आणि स्पॅरोहॉक यांच्यातला वाद मी बहुतेक वेळा त्यावरच मिटवतो. पण मिटलेल्या पंखात मोजणार काय? त्यात मी ज्या सॉफ्टवेअरने फ्रेम धारदार करत होतो, ते आपल्या मनाने पिसांमध्ये रेघा ओढतं. एकाच फ्रेमवर दोनदा चालवलं तर एकदा चार बोटं आली, एकदा सहा. तेव्हापासून नियम केलाय, सावलीच्या फोटोवर धार आणि नॉइज काढणारं काहीही चालवायचं नाही. फक्त एक्स्पोजर उचलायचं. मुळात शूट करतानाच एक ते दोन स्टॉप प्लस ठेवलं असतं तर तेही लागलं नसतं. आभाळ उजळ असलं की कॅमेरा पक्ष्याला कोळसा करतो, आणि कोळशातून पिसं शोधण्यात निम्मी रात्र जाते.

लांब शेपटीचाही उपयोग झाला नाही. शेपूट पंखाच्या रुंदीपेक्षा लांब, म्हणजे स्पॅरोहॉक, असं बरेच जण पटकन म्हणतात. गॉसहॉक या मोठ्या भाऊबंदापासून वेगळं काढायला ते ठीक आहे, पण केस्ट्रेलची शेपूटही चांगली लांब असते. पंखाचा मागचा काठ त्यातल्या त्यात बरा. स्पॅरोहॉकच्या सेकंडरी (पंखाच्या अंगाकडच्या) पिसांचा काठ बाहेर फुगलेला आणि अंगाजवळ पुन्हा आत आलेला, ससाण्यात तो बराचसा सरळ. पण पक्षी जरा कलला की तो फुगवटाही गडप होतो. आणि ठेका? दोन-चार झटपट फडफडी, मग छोटी घसरण, पुन्हा फडफड, ही स्पॅरोहॉकची खास चाल. ती दिसली असती तर इतकं लिहायची वेळच आली नसती.

मग एका रात्री क्लिप फ्रेम-फ्रेम करून चालवताना उजव्या पंखात, मनगटापासून थोडं बाहेर, काठात एक खाच दिसली. आधी वाटलं कॉम्प्रेशनचा चौकोन असेल. डाव्या पंखात बघितलं तर तिथेही, अगदी त्याच जागी, पुढचा दात पडलेल्या पोराच्या हसण्यासारखी फट. दोन्हीकडे सारखी फट म्हणजे पिसं तुटलेली नाहीत. मोल्ट चालू आहे, म्हणजे जुनी पिसं गळून नवी येताहेत!

इथे जरा तपशिलात जातो, कारण सगळी गंमत यातच आहे. हातावरची दहा लांब पिसं, म्हणजे प्रायमरी, आतून बाहेर मोजली की मनगटाजवळची पहिली आणि टोकाची दहावी. स्पॅरोहॉक पहिल्या पिसापासून गाळायला सुरुवात करतो आणि ओळीने बाहेर दहाव्याकडे जातो. ससाणा चौथ्यापासून सुरू करतो, कधी पाचव्यापासून, आणि मग एकाच वेळी दोन्ही दिशांना सरकतो, आत पहिल्याकडे आणि बाहेर दहाव्याकडे. माझ्या फ्रेममधली फट चौथ्या-पाचव्याच्या आसपास होती. मी लगेच फोल्डरचं नाव बदलून ‘ससाणा’ करणार, तोच ज्याला मी असल्या फ्रेम पहिल्यांदा दाखवतो त्या मित्राने एका ओळीत हवा काढली: ‘अर्ध्या मोल्टमधला शिक्राही असाच दिसेल की.’

बरोबर होतं त्याचं. पहिल्यापासून निघालेला शिक्राही कधीतरी चौथ्या-पाचव्यापर्यंत पोहोचणारच. फरक एवढाच, की त्याची आतली तीन पिसं तोवर नवी कोरी असतील आणि ससाण्याची जुनी. पण सावलीत नवं-जुनं ओळखायचं कसं? जुन्या पिसांची टोकं झिजलेली, फिकी असतात म्हणे! इथे पक्षीच सगळा कोळसा. त्या संध्याकाळी लॅपटॉप बंद करून झोपलो, एवढंच सांगतो.

त्यानंतर बरेच दिवस मी भलत्याच वाटेला लागलो. ठरवलं, पंखाचं गुणोत्तर मोजायचं. ससाण्याचा ‘दंड’ आखूड आणि ‘हात’ लांब, म्हणून खांदा ते मनगट आणि मनगट ते टोक ही दोन अंतरं मोजून भागाकार करायचा. ओळख पक्की असलेल्या माझ्याच फोटोंवर करून पाहिलं. पक्षी डोक्यावर सरळ असेल तेव्हा आकडे छान वेगळे येतात. तो जरा कलला, पंख जरा मुडपला, की दोघांचे आकडे एकमेकांत घुसतात. प्रश्नचिन्ह लागलेले पक्षी तर सगळे कललेलेच असतात, नाहीतर प्रश्नचिन्ह लागलंच नसतं. तक्ता अजून आहे माझ्याकडे, कुणाला हवा असेल तर पाठवतो. मी आता त्यात नवीन आकडे भरणार नाही.

सुटका झाली ती क्लिपच्या शेवटच्या वळणात. तो भाग मी कायम सोडून देत होतो, कारण तिथे फोकस सैल झालाय. पण वळताना पक्ष्याने आतला पंख क्षणभर पूर्ण उघडला, आणि पाठीमागे उजळ ढग आला. त्या मोजून तीन फ्रेममध्ये एका पंखात एक नाही, दोन फटी आहेत. एक मनगटाजवळ आत, दुसरी टोकाकडे. मधे एक-दोन पिसं पूर्ण वाढलेली, कडा स्वच्छ. बाहेरच्या फटीत एका बाजूने अर्धवट वाढलेल्या पिसाचं बोथट टोक बाहेर आलेलं. आधी दिसलेली ‘एक’ फट म्हणजे मिटलेल्या पंखात या दोन्हींची झालेली सरमिसळ होती.

आता विचार करा. पहिल्यापासून बाहेर जाणाऱ्या पक्ष्यात एक लाट असते, एकच फट, तीच पुढे सरकते. मधून सुरू करून दोन्हीकडे जाणाऱ्यात मधली पिसं आधी नवी होतात आणि फटी दोन बाजूंना लांब जातात. म्हणजे मधे भरलेलं, दोन्ही अंगांना रिकामं. मोठ्या गरुडांत एकाच पंखात अनेक लाटा चालू असतात, त्यामुळे त्यांच्यात दोन फटी दिसल्या तर काहीच सिद्ध होत नाही. पण एवढ्याशा पक्ष्यात, दोन्ही पंखांत सारखी, अशी मांडणी दिसली तर तो ससाणा. मित्राला तीन फ्रेम पाठवल्या. त्याचं उत्तर आलं: ‘मान्य.’ या माणसाकडून मान्य म्हणजे काय ते मागचे वाद वाचलेल्यांना ठाऊक आहे.

यात जाता जाता एक फार सुंदर गोष्ट आहे. जनुकांच्या अभ्यासावरून 2008 पासून ठामपणे पुढे आलं, की ससाणे हे गरुड-शिक्र्यांचे जवळचे भाऊबंद नाहीतच, पोपट आणि गाणाऱ्या पक्ष्यांना ते जास्त जवळचे. बाकदार चोच आणि नख्या दोघांनी वेगवेगळ्या कमावल्या. आणि पोपटही प्रायमरी गाळतात ते मधूनच सुरू करून, दोन्ही दिशांना! मी ज्या फटीत डोळे फोडत बसलो होतो, तिच्यात हे नातं उघडं पडलेलं होतं. स्पॅरोहॉकच्या बाजूलाही वह्या बदलाव्या लागणार आहेत. 2024 मध्ये अ‍ॅक्सिपिटर हा मोठा गट फोडला आणि शिक्रा आता टॅकिस्पायझा झालाय. युरेशियन स्पॅरोहॉक मात्र अ‍ॅक्सिपिटरमध्येच राहिला. लेबलं बदलायचा कंटाळा येतोय, पण करणार.

बसलेल्या पक्ष्यांच्या आघाडीवर छोटा आनंद आहे. स्कोपमधून (तिपाईवरच्या मोठ्या दुर्बिणीतून) केस्ट्रेलच्या वरच्या चोचीचा दात अखेर स्पष्ट दिसला. टोकाच्या थोडं मागे, काठावर एक टोकेरी कंगोरा, आणि खालच्या चोचीत त्यासाठी खोबण. नाकपुडीच्या गोल भोकात मधोमध हाडाचा तो छोटा खुंटही दिसला, म्हणजे दुर्बिणीत नव्हे, स्कोपमध्येच, आणि तेही पक्ष्याने मान फिरवली तेवढ्यापुरतंच. स्पॅरोहॉकला यातलं काही नाही. तो भक्ष्य पायांनी आवळून मारतो. ससाणा पायांनी धरतो आणि चोचीने मानेचा मणका तोडतो. पाय बघितले तरी हे कळतं. स्पॅरोहॉकचे काटकुळे लांब पाय आणि लांबच लांब मधलं बोट, झुडपात हात घालून ओढून काढायला बनवल्यासारखं. डोळे तर बोलायलाच नकोत. ससाण्याचा गडद तपकिरी, भोवती पिवळं कडं, स्पॅरोहॉकचा पिवळा ते नारिंगी, शिक्र्याच्या नराचा चक्क लाल. बसलेला पक्षी जवळून मिळाला तर मी डोळ्यावरच थांबतो, बाकी सगळं कौतुकासाठी.

आणि हो, विष्ठेचं निरीक्षण चालू आहे, हसू नका. ससाणा ती खाली टाकतो, स्पॅरोहॉक शेपूट उचलून मागे पिचकारी मारतो. त्यामुळे बसण्याच्या जागेच्या बुंध्यालगत सरळ खाली पांढरे डाग, की काही अंतरावर लांबट फराटे, यावरून पक्षी नसतानाही अंदाज बांधता येतो. पुरावा म्हणून वहीत लिहिणार नाही, पण कुठे बसून वाट बघायची ते ठरवायला उत्तम.

परत त्या पक्ष्याकडे. घराणं ठरलं, जात नाही. आकार बघता केस्ट्रेल किंवा तुरुमती, दोघांपैकी कुणीही बसतं. हवेत एका जागी फडफडत थांबला असता तर केस्ट्रेल म्हटलं असतं. तो थांबला नाही, पण न थांबणं हा पुरावा नव्हे. फोल्डरवर ‘लहान ससाणा, जात ठरलेली नाही’ असं लिहिलंय आणि मला त्यात काही कमीपणा वाटत नाही. ओळख सांगणाऱ्या एका अ‍ॅपने मात्र याच फ्रेमवर अगदी छातीठोकपणे कोकिळेच्या कुळातला पावशा सांगितला. पावशाची शिक्र्याशी नक्कल पाहता अ‍ॅपला फार दोष देता येत नाही, पण सावलीचा फोटो असल्या यंत्राला द्यायचाच नसतो हे पुन्हा पटलं.

पुढचा बेत असा होता, की गुणोत्तराचा नाद सोडून प्रश्नचिन्हाचं सगळं फोल्डर फटींसाठी पुन्हा चाळायचं. हे लिहिता लिहिता लक्षात आलं, की त्यातले बहुतेक पक्षी मोल्ट संपल्यानंतरचे आहेत, पंख पूर्ण भरलेले. तिथे फटी मिळायच्या नाहीत. म्हणून आता उलट करतो. पिसं गाळण्याच्या काळातले ओळख पक्की असलेले पक्षी आधी घेतो, दोन्ही घराण्यांचे, आणि मोल्टच्या प्रत्येक टप्प्यावर मिटलेला आणि उघडा पंख कसा दिसतो त्याची चित्रं शेजारी शेजारी काढतो. प्रश्नचिन्हं नंतर. शूटिंगही बदलतो. फोटोंऐवजी जास्तीत जास्त फ्रेमचा व्हिडिओ, शटर निदान दोन हजारावर, आणि पक्षी वळेपर्यंत बटण सोडायचं नाही. दुर्बीण दहाची (दहापट मोठं दाखवणारी) बाजूला ठेवून पुन्हा आठची काढली आहे. तिचं दृश्यक्षेत्र मोठं, पक्षी सुटत नाही, वळण पूर्ण दिसतं. दहाच्या बाजूने भांडायचं असेल त्यांनी जरूर भांडा.

तुमच्याकडे मोल्टमधल्या शिक्र्याचे किंवा स्पॅरोहॉकचे पंख उघडलेले फोटो असतील तर हवे आहेत, विशेषतः पहिल्या तीन प्रायमरी नव्या आणि पुढे फट असलेले. ससाण्याचे टप्पे माझ्याकडे बरे जमलेत, या बाजूचे फारच थोडे आहेत. फोटो न कापता, धार न लावता, मूळ फाइल पाठवा.