रुलेटच्या टेबलामागचा माणूस

दृष्टिहीन प्रेक्षकांसाठी मी सिनेमाचं थेट वर्णन करते. मी माईकवर, प्रेक्षकांच्या कानात इयरफोन. संवाद थांबले की मिळेल त्या फटीत पडद्यावरचं सांगायचं. फट कधी चार सेकंदांची, कधी एका श्वासाची. त्यामुळे कात्री लागते ती छोट्या भूमिकांना. 'वेटर येतो.' झालं.

पुण्यातल्या एका खेळाला 'कासाब्लांका' होता, युद्धातून पळून व्हिसाच्या आशेने अडकलेल्या लोकांचा जुना हॉलीवूडपट. त्यातल्या रुलेटच्या, म्हणजे फिरत्या चाकात चेंडू कुठल्या आकड्यावर थांबतो यावरच्या जुगाराच्या, प्रसंगात असं भागणारं नव्हतं. बल्गेरियातून पळून आलेलं तरुण जोडपं, व्हिसासाठी पैसे हवेत, नवरा हरत चाललाय. जुगाराच्या अड्ड्याचा मालक रिक त्याला बावीसवर लावायला सांगतो. सांगतो त्याला, पण ऐकवतो टेबल चालवणाऱ्या एमीलला. एमील मालकाकडे एकदा बघतो. चेंडू बावीसवर. पुन्हा बावीसवर. सगळी लबाडी त्या नजरेत आहे. ती मी सांगितली नाही, तर ऐकणाऱ्याला वाटणार पोराचं नशीब उघडलं! नंतर रिक विचारतो, आज कमाई कशी? एमील म्हणतो, वाटलं होतं त्यापेक्षा दोनेक हजार कमी. सरळ चेहऱ्याने.

खेळ संपल्यावर एक काका थांबले. बँकेत टेलिफोन ऑपरेटर होते. आवाज ओळखण्यात हयात गेलेली.

"ताई, तो 'बावीस, काळा' असं फ्रेंचमध्ये पुकारणारा कोण हो? त्याचं फ्रेंच घरचं वाटतं."

घरचंच. फ्रेंच पोलीस अधिकारी झालेला क्लॉड रेन्स इंग्रज, आणि अस्सल पॅरिसकर मार्सेल दालिओ रुलेट फिरवतोय. श्रेयनामावलीत त्याचं नावसुद्धा नाही.

"दिसतो कसा?"

बुटका, काळेभोर केस, मोठे डोळे, हे सांगून झालं. मग पुढचंही सांगावंच लागलं. रुमानियातून आलेल्या ज्यू आईबापांचा हा मुलगा. फ्रेंच दिग्दर्शक रन्वारच्या 1937 च्या 'ला ग्रांद इल्युझिओं'मध्ये तो घरून आलेले खाऊचे डबे सोबतच्या कैद्यांना वाटणारा रोझेंथाल होता, आणि 1939 च्या 'ला रेग्ल द्यु ज्यू'मध्ये चक्क वाड्याचा मालक, मार्की म्हणजे सरदार. 1940 मध्ये जर्मन पॅरिसमध्ये शिरण्याआधी तो बायकोला घेऊन निघाला. मागे नाझींनी त्याचाच फोटो भिंतींवर लावला: ज्यू कसा ओळखावा, याचा नमुना म्हणून. आईवडील छळछावणीत मारले गेले. लिस्बनमार्गे जहाजाने निघालेल्या या दोघांचे चिलीचे व्हिसा बनावट निघाले आणि ते मेक्सिकोत अडकले. पुढे कॅनडाच्या तात्पुरत्या पासपोर्टवर अमेरिका गाठली.

"म्हणजे व्हिसासाठी अडलेल्या पोराला जिंकवणारा माणूस..."

"हो. आणि 'ला मार्सेयेज', फ्रान्सचं राष्ट्रगीत, गाताना रडणारी ती इव्होन आहे ना, मादलेन लबो, ती त्याची बायको." त्याच सुमारास त्यांचं बिनसलं, हे मी नाही सांगितलं.

काकांना हळहळण्यात रस नव्हता. पुढे काय केलं त्याने, हे हवं होतं. पुढे हॉलीवूडने त्याला हॉटेलवाला केलं, न्यायाधीश केलं, बॅरन केलं, पाद्री केलं. फ्रेंच माणूस हवा? बोलवा दालिओला. मला स्वतःला यात अपमानापेक्षा कारागिरी जास्त दिसते. दोन मिनिटांच्या कामातही त्याने कधी पाट्या टाकल्या नाहीत. 1973 मध्ये, सत्तरी ओलांडल्यावर, फ्रान्समधल्या एका सिनेमात तो 'राबी जाकोब', म्हणजे ज्यू धर्मगुरू, झाला. खरा राबी तोच; सिनेमाभर गोंधळ घालणारा लुई द फ्युनेस तोतया.

"मग मार्कीवालाच लावा की," काका म्हणाले.

आता त्याची संहिता लिहितेय. पाहुण्यांसमोर मार्की आपल्या संग्रहातला प्रचंड यांत्रिक ऑर्गन उघड करतो. कॅमेरा दालिओच्या चेहऱ्यावर थांबतो. अभिमान आहे, लाज आहे, शाबासकीची लहान मुलासारखी वाट बघणं आहे. संवाद नाही, त्यामुळे जागा भरपूर. पण ऑर्गनच्या सुरांवर फार बोलले तर काका रागावतील. 'मार्की हसतो' असं लिहून दोनदा खोडलंय.