सूर्योदय आधीच लिहून ठेवला होता

नववी 'ब', 1985. डिसेंबरात सहल अजिंठ्याला जाणार अशी सूचना वर्गात फिरली आणि त्याच तासाला मराठीच्या बाईंनी सांगून टाकलं, की आल्यावर दुसऱ्याच दिवशी प्रत्येकाने प्रवासवर्णन लिहून दाखवायचं. म्हणजे मध्यरात्री घरी पोचायचं आणि सकाळी वही हजर! मी हुशारी केली. आदल्या रविवारीच गाईड उघडून बसलो आणि दीड पान उतरवून मोकळा झालो. "पहाटेच्या गुलाबी थंडीत आमची गाडी वाघूर नदीच्या काठी थांबली. पूर्वेला सूर्यनारायणाने सोन्याचा सडा शिंपला होता. पक्ष्यांचा किलबिलाट चालू होता." पुढे घोड्याच्या नालेच्या आकाराचा डोंगर, लेण्यांचा शोध लावणारा इंग्रज अधिकारी जॉन स्मिथ, 1819, 'डोळ्यांचे पारणे फिटले', सगळं यथास्थित.

रात्री दोनला निघायचं ठरलं होतं. दोन मुलं उठलीच नव्हती, त्यांना घरून उचलून आणेपर्यंत चार वाजले. 'प्रासंगिक करार'ची पाटी लावलेली ती लाल गाडी धुळ्याहून जळगावकडे लागली तेव्हा मागच्या बाकांवर भेंड्या चालू होत्या आणि पुढच्या बाकांवर ओकाऱ्या. सूर्य उगवला तेव्हा मी खिडकीला डोकं टेकून घोरत होतो. पहूरच्या अलीकडे टायर बसला. रस्त्याच्या कडेला कपाशीच्या शेतात बसून आम्ही दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी संपवली. खरं तर ती दुपारसाठी होती. लेण्यांच्या पायथ्याशी उतरलो तेव्हा साडेबारा वाजून गेले होते. पक्षी एकही नव्हता. माकडं मात्र भरपूर होती, आणि त्यातल्या एकाने आमच्या मॉनिटरची टोपी नेली.

पहिल्या लेण्यात शिरलो तर उन्हातून आल्यामुळे काही म्हणजे काही दिसेना. एक माणूस लांब वायरीचा दिवा घेऊन फिरत होता. तो दिवा जिथे जाई तेवढाच तुकडा उजळे. कुठे हात, कुठे मुकुट, कुठे हत्तीची सोंड. पद्मपाणीपाशी सगळे गप्प झाले, पण खरं सांगायचं तर आम्ही दमलो होतो म्हणून. आमचा जीव रमला तो एका खांबाच्या माथ्यावर. तिथे चार हरणं कोरली आहेत आणि चौघांना मिळून डोकं एकच! ज्या हरणाकडे बघावं, त्याचंच ते डोकं वाटतं. डोकं नक्की कोणाचं यावरून आमच्यात भांडण जुंपलं. दिवेवाला पुढे निघून गेला तरी आम्ही चौघे अंधारात मान वर करून तिथेच.

दहाव्या लेण्यात भूगोलाच्या सरांनी एका खांबाकडे बोट दाखवलं. त्यावर जुन्या चित्रातच नाव खरडलेलं: जॉन स्मिथ, तारीख 28 एप्रिल 1819. पण होतं आमचे हात पोचणार नाहीत इतक्या उंचावर. "तो एवढा उंच होता का सर?" असं कोणीतरी विचारलं. सर म्हणाले, "लेणं तेव्हा एवढं गाळाने भरलेलं होतं. तो त्या ढिगावर उभा होता." मग जरा थांबून म्हणाले, "आणि शोध बिध काही लावला नाही त्याने. वाघाच्या शिकारीला आला होता. आसपासच्या माणसांना लेणी माहीतच होती, त्यांनी नावं नाही कोरली एवढंच." माझ्या खिशात कंपासपेटीतलं कर्कटक होतं. कशासाठी आणलं होतं हे वेगळं सांगायला नको. ते खिशातच राहिलं.

दुसऱ्या दिवशी बाईंनी नेमकी माझी वही उचलली आणि मलाच वाचायला उभं केलं. 'सोन्याचा सडा' आला आणि अख्खा वर्ग खदाखदा हसला. बाई हसल्या नाहीत. त्यांनी लाल शाईने पूर्ण दीड पानावर एक तिरकी रेघ मारली आणि खाली लिहिलं, "सूर्योदय कुठे पाहिलास? पाहिलेलं लिही." दुसऱ्यांदा लिहायला बसलो तेव्हा अर्धा तास काही सुचेना. नंतर हरणं आठवली, टोपी आठवली, आणि तो गाळ. एक पानसुद्धा भरलं नाही. दहापैकी सहा मिळाले.

पुढे बँकेत लागलो. दर काही वर्षांनी मिळणाऱ्या एलएफसीवर, म्हणजे बँकेच्या प्रवासखर्चाच्या सवलतीवर, सहकुटुंब भारत बराच पाहून झाला. पण आधी लिहून ठेवण्याची सवय अशी एका रेघेने जाते थोडीच! 2012 साली तंजावरला गेलो ते तर सगळं ठरवूनच. आपल्या भोसल्यांचं राज्य, आपले सरफोजीराजे, तिथल्या बृहदीश्वराच्या मोठ्या देवळाच्या भिंतीवर 1803 साली कोरलेला आपला मराठी लेख. गाडीत बायकोला दोन तास व्याख्यान दिलं होतं. देवळात गेलो, लेख सापडला, अक्षरं लागत गेली तसा ऊर भरून आला, हेही खरं. मग सहज मान वर केली. मूळ देऊळ राजराज चोळाचं, 1010 सालचं. त्याच्या जोत्यावर, भिंतींवर, जिकडे पाहावं तिकडे ओळीच्या ओळी तमिळ लेख. दानात दिलेल्या दिव्यांचा हिशेब, चारशे नर्तकींची नोंद. मी ज्याला 'आपलं' म्हणून शोधत आलो होतो तो लेख, तिथल्या मानाने, काल आलेल्या पाहुण्याने वहीत सही करावी तसा. बायको म्हणाली, "गप्प का झालात?"

सरस्वती महाल ग्रंथालयात काचेमागचे मोडी कागद बघत होतो. मोडी मला येत नाही, बघत होतो एवढंच. आमचं बोलणं ऐकून एक म्हातारे गृहस्थ जवळ आले. त्यांच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या मराठी बोलतात, पण महाराष्ट्र त्यांनी पाहिला नव्हता. हेल पूर्ण तमिळ, शब्द मधूनच फार जुने. त्यांचं मराठी किती वेगळं झालंय हे कौतुकाने सांगायला मी तोंड उघडणार, एवढ्यात तेच म्हणाले, "तुमचं मराठी फार बदललं आहे हो." मला एकदम बाईंची लाल रेघ आठवली. हॉटेलवर येऊन मुलीच्या वहीत हे सगळं त्याच रात्री लिहून काढलं. एक पान भरलं, तेही जेमतेम.

बाई आता नाहीत. ती नववीची वही मात्र आहे. डाव्या पानावर रेघ मारलेला सूर्योदय, उजव्या पानावर हरणं. त्याखाली बाईंचा शेरा: "हरणं छान. शुद्धलेखन सुधार."

शाळेच्या स्मरणिका समितीने कळवलं आहे, की मनोगताच्या शेवटी सुवर्णमहोत्सवी सोहळ्याच्या थाटामाटाबद्दल दोन ओळी याव्यात, कारण स्मरणिका त्याच दिवशी हातात द्यायची आहे. सोहळा अजून व्हायचा आहे. त्या दोन ओळी नंतर पाठवतो.