तुम्ही विचारलंत म्हणून: गूढ जागेचं रहस्य किती उघडायचं?

कल्पित जगातल्या कथा लिहू पाहणारे हमखास विचारतात, "कथेत एक अद्भुत जागा आहे. तिचं रहस्य वाचकाला किती सांगायचं?" माझं उत्तर जरा हट्टी आहे. ती जागा काय करते ते मापासकट सगळं सांगा. का करते, तेवढंच राखून ठेवा. बहुतेक मसुद्यांत नेमकं उलटं घडतं. आधी पानंच्या पानं धुकं, कुजबुज आणि 'तिथे गेलेला परत येत नाही', मग शेवटाकडे कुणीतरी वृद्ध पुरोहित बैठक मारून सगळं कारण सांगून टाकतो. वाचकाला ना जागा दिसली, ना गूढ उरलं.

एक उदाहरण रचू. माळावर एकटाच उभा असलेला सुळका, उंची 100 मीटर. त्याची सावली सूर्याच्या दिशेला पडते. चमत्कार एवढाच. दुसरा जोडायचा मोह आवरा आणि आकडेमोडीला बसा. सूर्य क्षितिजापासून 5 अंश वर असताना सावली सुमारे 1,140 मीटर लांब, 30 अंशांवर 173 मीटर, 45 अंशांवर 100 मीटर. माळ उत्तर गोलार्धात धरला, तर हिवाळ्यात ती सकाळी आग्नेयेला, दुपारी दक्षिणेला आणि संध्याकाळी नैऋत्येला असेल. एरवी जिथे दिवसभर सावली हवी, तो उत्तरेचा पायथा लख्ख उन्हात. थंडीत गुरं तिथे बसणार. दक्षिणेच्या पट्ट्यात दंव उशिरा वितळणार आणि शेवाळ धरणार. शेवाळावरून दिशा ओळखणारा परका वाटसरू इथे हमखास चुकणार. त्या उत्तरेच्या जमिनीवर खडकातून ऊन येतं कसं? हे मात्र सांगायचं नाही.

मग चौकस पोराच्या चाचण्या लावा. चांदण्यात काय होतं? मशालीच्या उजेडात? ढगाळ दिवशी? सुळक्याचा तुकडा फोडून नेला तर त्याची सावली कशी? उलट्या सावलीत उभ्या राहिलेल्या माणसाचं काय? यातलं तुम्ही जे ठरवलं नसेल, ते वाचक पहिल्या दहा मिनिटांत विचारतो. आपल्या सुळक्यापुरतं ठरवू: चांदण्यातही सावली उलटी, मशालीने सुलटी, आणि फोडलेला तुकडा अगदी साधा दगड. या शेवटच्या उत्तरातून एक धंदा आपोआप उभा राहतो. बाजारात 'सुळक्याचे तुकडे' विकले जातात आणि खरा कोणता, खोटा कोणता, हे कुणालाच सिद्ध करता येत नाही. नियम काटेकोर असला की कथानक असं फुकट मिळतं.

अंतराबाबतही अशीच गफलत होते. 'सगळ्या राज्यातून दिसणारा मनोरा' लिहायला सोपा, पण जग गोल असेल तर क्षितिज आड येतं. पृथ्वीएवढ्या ग्रहासाठी ढोबळ सूत्र असं: मीटरमधल्या उंचीचं वर्गमूळ गुणिले 3.57, म्हणजे किलोमीटरमध्ये अंतर. पाहणाऱ्याच्या डोळ्यांच्या उंचीचे साडेचार किलोमीटर त्यात मिळवा. सपाट माळावर 100 मीटरच्या सुळक्याचं टोक साधारण 40 किलोमीटरवरून दिसू लागेल. पायी दिवसाला 25-30 किलोमीटर धरले तर दीड दिवस आधी. उंची 400 मीटर केलीत तरी अंतर चौपट होत नाही, 76 किलोमीटरच होतं. रुंदीही बघा. साध्या डोळ्याला एक कला, म्हणजे अंशाचा साठावा भाग, एवढंच बारीक दिसतं. 40 किलोमीटरवर ते सुमारे 12 मीटर भरतं. तुमचा मनोरा त्याहून बारीक असेल तर तिथून तो नीटसा दिसणार नाही, आणि हवेत धूळ असली तर मुळीच नाही. त्याच्या टोकावर रात्री आग पेटत असेल तर गोष्ट वेगळी.

नियम सुचत नसेल तर खऱ्या निसर्गाकडे जावं. कॅलिफोर्नियातल्या डेथ व्हॅलीत कोरड्या तळ्यावर धोंडे आपोआप सरकतात आणि मागे चर उमटतात. कारण 2014 मध्ये प्रसिद्ध झालं. तळ्यात उथळ पाणी साचतं, रात्री त्यावर काही मिलिमीटर जाडीचा बर्फ धरतो, दिवसा तो तडकून मोठे पत्रे सुटे होतात आणि मंद वारा त्यांना ढकलतो. ते पत्रे धोंड्यांना चिखलावरून रेटत नेतात. चारही गोष्टी साध्या, फक्त एकत्र येणं दुर्मिळ. अशी अटींची साखळी गूढ जागेला फार शोभते, कारण पात्रं तीन अटी ओळखतात आणि चौथीपाशी फसतात.

आता भोवतालची माणसं. तिथे एकच दंतकथा ठेवलीत तर ती वाचकाला लेखकाने दिलेली टीप वाटते. लोणारचं विवर उल्कापातानं बेसाल्टमध्ये तयार झालं, पण त्याच विवराला लवणासुराची कथाही आहे, आणि दोन्ही शेजारी सुखाने नांदतात. सुळक्याच्या तीन कथा करा: गुराख्यांची, देवळातली आणि सारा वसूल करणाऱ्याची. प्रत्येकीत एक तपशील खरा ठेवा आणि तो बाकीच्या दोघींत नसू द्या. जवळच्या गावकऱ्यांना त्या जागेची भीती कमी आणि कटकट जास्त वाटावी. सकाळी शेतावर सावली येते म्हणून बांधावरून भांडणं व्हावीत. 'मृत्युशिखर' वगैरे नावं लांबचे लोक ठेवतात. पायथ्याशी राहणारा 'थोरला' म्हणेल आणि कामाला लागेल.

वाचकाला कारण सांगायचं नसलं तरी स्वतःसाठी ते एका ओळीत लिहून ठेवा. नाहीतर तिसऱ्या प्रकरणात सुळका मशालीलाही उलटी सावली देऊ लागतो, कारण त्या प्रसंगाला ते सोयीचं असतं, आणि तुकडे विकणाऱ्याचं अख्खं प्रकरण पुन्हा लिहावं लागतं.