फुलांची तपासणी

लग्नाला नऊ दिवस राहिले होते तेव्हा नवरीच्या भावाचा फोन आला. म्हणाला ताई, आमचं प्लॅनिंग सगळं झालंय, फक्त त्या दिवशी कोणीतरी ते नीट पार पाडायला हवं. आणि एक्सेल पाठवलं. ६४ ओळी! सकाळी साडेसात ते रात्री साडेदहा, प्रत्येक ओळीला सुरुवात, शेवट, जबाबदार माणूस, फोन नंबर, वर परत रंग वेगवेगळे. मी बारा वर्षं लग्नं सांभाळतेय पण इतकं देखणं टाइमटेबल मी स्वतःसुद्धा कधी केलं नव्हतं. आणि पहिल्या पाच मिनिटांतच कळलं की हे दुपारी बाराच्या आत आडवं होणार.

म्हणजे बघा, ११:३० ला मेकअप संपणार, ११:३० लाच कपडे घालायला सुरुवात आणि ११:३५ ला पहिला फोटो. मध्ये कोणी बाथरूमला जाणार नाही, कोणाची पिन हरवणार नाही, आई मुलीकडे बघून दोन मिनिटं डोळे पुसणार नाही.. कामं सगळी लिहिली होती, एका कामातून दुसऱ्यात जायला जो वेळ लागतो तो कुठेच नव्हता. आणि लग्नात दिवस तिथेच हातातून निसटतो.

मेकअपचंच घ्या. सात बायका, एक मेकअपवाली, तीन तास. मी फोनवर विचारलं, दादा हे कसं काढलंत? तर म्हणे एकवीस मिनिटं धरली ना प्रत्येकी, एकशे ऐंशीला सातने भागलं तर पंचवीस येतात, म्हणजे उलट चार मिनिटं शिल्लकच! मी म्हटलं अहो नवरीलाच केसांसकट दोन तास जातात, बाकीच्यांना कमीत कमी चाळीस मिनिटं, म्हणजे सहा जणींचे चार तास, एकूण सहा. एकतर अजून एक मेकअपवाली आणा नाहीतर पहाटे पाचला सगळ्यांना उठवा. दुसरी मेकअपवाली आली. मग मी नवरीला रांगेत शेवटी ठेवलेलं काढून मध्ये घेतलं. सगळ्यांना वाटतं तिचा मेकअप शेवटी झाला की ताजा राहतो, पण उशीर साठत साठत शेवटच्या माणसाच्या डोक्यावर येतो आणि तो माणूस नवरी असेल तर झालंच.

हे सगळं त्याने ऐकलं. खरी भांडणं रिकाम्या वेळेवरून झाली. मी तीन ठिकाणी वीस वीस मिनिटं मोकळी सोडली होती, संध्याकाळी फाइल परत आली तर तिन्ही गायब. शेजारी कमेंट, 'इथे काहीच होत नाहीये, वेळ वाया.' मी परत घातली, त्याने परत काढली. मुलगा हुशार होता, उद्धट अजिबात नाही, पण रिकामी चौकट दिसली की त्याचा हात थांबायचा नाही. शेवटी मी एका रात्री त्या तीन ओळींना नावं दिली: फुलांची तपासणी, फुलांची अंतिम तपासणी आणि तिसरीला काही सुचेना म्हणून नुसतंच 'फुलं (उर्वरित)'. सकाळी उत्तर आलं, ताई आता परफेक्ट आहे. 😄

तर तो दिवस. मुख्य विधी ४:३० चा आणि सूर्यास्त ६:२० चा, मला या दोनच वेळा पाठ असतात, बाकी सगळं त्यांच्यावरून उलटं मोजत यायचं. सकाळी साडेआठला दोन्ही खुर्च्या सुरू झाल्या, दहापर्यंत सगळं इतकं वेळेवर की मलाच भीती वाटायला लागली. आणि मग एक खुर्ची जराशी रिकामी झाली तशी आजी येऊन त्यात बसल्या. यादीत नाव नाही, कोणी विचारलं पण नव्हतं त्यांना. माझे पण केस जरा नीट कर गं, एवढंच. आता उठवणार कोण? पस्तीस मिनिटं गेली. (सुंदर दिसत होत्या, आणि दिवसभरात त्या एकट्याच शांत होत्या.)

पुढे बटणं. नवरीच्या ड्रेसला पाठीवर मानेपासून कमरेपर्यंत बत्तीस बारीक बटणं, कापड चढवलेली, वाटाण्यापेक्षा लहान, आणि काज नाहीत तर दोऱ्याचे फास. एक्सेलमध्ये 'कपडे: ५ मिनिटं'. बटणं लावायला बहीण आणि दोन मैत्रिणी, तिघींनी आदल्याच दिवशी लांब नखं लावून घेतलेली, बोटाच्या टोकाला काही लागेचना. एक बटण बसायला मिनिट, वरचं लावलं की खालचं सुटायचं. यासाठी माझ्याकडे क्रोशाची सुई असते, फासातून घालायची, बटण पकडायचं, ओढलं की बसलं. पण माझी किटबॅग हॉलवर पुढे गेलेली, माझ्याच हाताने गाडीत ठेवली होती, शिव्या कोणाला देणार? मग केसांची पिन वाकवून आकडा केला, गुडघ्यावर बसले आणि खालून वर एकेक लावत गेले. चोवीस मिनिटं! नवरी अधूनमधून विचारत होती किती राहिली, मी प्रत्येक वेळी म्हणत होते थोडीच.

आजी आणि बटणं मिळून पहिली फुलांची तपासणी पूर्ण खाऊन बसले, पण फोटो पाचच मिनिटं उशिरा सुरू झाले.

दुसरी गाड्यांनी खाल्ली. मॅपवर रस्ता पंचवीस मिनिटांचा आणि लागली पण पंचवीसच, पण चार गाड्यांत कोण कुठे बसणार यात वीस मिनिटं गेली. मामांना पुढे बसायचं होतं, मुलांना नवरीच्या गाडीत, आणि सगळे बसल्यावर कळलं की एका गाडीची किल्ली ज्यांच्या खिशात ते वर कुलूप लावायला गेलेत. विधी ४:४० ला सुरू झाला. माझ्या हिशोबात दहा मिनिटं म्हणजे वेळेवरच.

विधी संपल्यावर घरच्यांचे फोटो. मूळ यादीत २७ ग्रुप, प्रत्येकी एक मिनिट. एका मिनिटात फक्त फोटो निघतो, माणसं गोळा व्हायला, उंच लोक मागे जायला, लहान मूल कडेवर घ्यायला धरून तीन मिनिटं जातात, म्हणजे २७ चे सव्वा तासाच्या वर. भांडून भांडून मी यादी ११ वर आणली होती. तरी एक गोष्ट मी स्वतः विसरले बरं का. विधी संपल्या संपल्या पाहुणे स्टेजवर भेटायला येतात, ते काही कागद बघून येत नाहीत. पंधरा मिनिटं गेली तिथे. त्यात मोठे काका गाडी लावायला गेलेले ते सापडेनात. फोटोग्राफर माझ्याकडे बघतोय, मी खिडकीकडे, बाहेर ऊन पिवळं व्हायला लागलेलं. हा उजेड अर्धा-पाऊण तास टिकतो, नंतर कितीही लाइट लावा तो रंग येत नाही. मी दोन ग्रुप जेवणानंतर ढकलले, काकांना फोनवर सांगितलं तुम्ही या, तुमचा फोटो ठेवलाय, आणि ६:०५ ला नवरा-नवरीला बाहेर पाठवलं. पंधरा मिनिटं. अल्बमच्या कव्हरवर नंतर त्यातलाच फोटो आला.

६:२० ला दोघं आत आली आणि तिसरी ओळ तशीच शिल्लक होती, अख्खी वीस मिनिटं. मी त्यांना मागच्या खोलीत नेलं, आतून कडी लावायला सांगितली, दोन ताटं आणि पाणी आत दिलं. नवरीने सकाळपासून अर्धं बिस्किट पण खाल्लं नव्हतं. भाऊ बाहेर शोधत फिरत होता, ताई आता एंट्रीला नेऊया ना त्यांना? मी म्हटलं अजून वेळ आहे, आपल्याच फाइलमध्ये बघा.

रात्री सामान आवरताना तो आला, हातात फोन, फाइल उघडी, झालेल्या ओळींवर हिरवे टिक. तीनच ओळी पांढऱ्या.

"ताई, फुलं शेवटी तपासली कोणी?"

मी म्हटलं, पहिली आजींनी, दुसरी मामांनी, आणि तिसरी तुमच्या बहिणीने, मागच्या खोलीत चप्पल काढून, पाय वर घेऊन.

त्याने काही वेळ स्क्रीनकडे बघितलं, मग तिन्ही ओळी हिरव्या केल्या.