तिसऱ्या गल्लीपर्यंतच्या खुणा

ताई पहिल्यांदा शिवाजीनगर कोर्टात माझ्या वकिलीच्या टेबलापाशी आल्या तेव्हा मुदतीचे १९ दिवस उरले होते. विजेचा धक्का बसून माणूस गेला, तर भरपाईचा दावा १८५५ च्या घातक अपघात कायद्याखाली लावता येतो आणि मृत्यूपासून २ वर्षांच्या आत तो दाखल करावा लागतो. त्यांना हे कोणी सांगितलंच नव्हतं. अकस्मात मृत्यूची नोंद, पंचनामा, शवविच्छेदनाचा अहवाल, एवढीच कागदं पिशवीत.

नवरा धायरीत पेपरची लाइन टाकायचा. जुलैतल्या एका पहाटे, पावसात, चौथ्या गल्लीच्या तोंडाशी विजेची तार तुटून पाण्यात पडलेली होती. सायकल हातात धरून तो त्या पाण्यात उतरला.

"सगळे म्हणतात, बघून चालायला हवं होतं," ताई म्हणाल्या. सगळे म्हणजे शेजारी, दीर, आणि दोनेक वेळा स्वतः त्याही.

मी त्यांना २००२ चा सर्वोच्च न्यायालयाचा शैलकुमारी निकाल समजावून सांगितला. तो माणूसही सायकलवरच होता, पावसातली रात्र, रस्त्यावर पडलेली जिवंत तार. मध्य प्रदेशातल्या वीज मंडळाचं म्हणणं होतं की कोणीतरी चोरून वीज घेत होता, त्याची ती तार. न्यायालयाने ते ऐकलं नाही. धोक्याचा धंदा जो चालवतो त्याने नुकसान भरून द्यायचं; त्याचा निष्काळजीपणा वेगळा सिद्ध करायची गरज नाही. ताईंनी विचारलं, "म्हणजे यांनी काय चूक केली, ते मला सांगावं लागणार नाही?" नाही लागणार, ताई.

तरीही पुरावा मी कसून गोळा केला. विद्युत निरीक्षकाच्या अहवालात दोन गोष्टी होत्या: रस्त्यावरून गेलेली तार तुटली तर ती निर्धोक व्हावी यासाठी जी सोय लागते ती तिथे नव्हती, आणि पेटीत फ्यूजच्या जागी जाड तार गुंडाळलेली होती. म्हणून तार पडूनही पुरवठा चालूच राहिला.

उत्पन्नाचा दाखला कुठून आणायचा? पेपरवाल्याला पगारपत्रक नसतं. ताईंनी लाइनची वही आणली. प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून ती सायकलच्या कॅरिअरला असायची, म्हणून वाचली. २१२ घरं, प्रत्येकापुढे महिन्याचं बिल. वय ३८, म्हणून गुणक १५, म्हणजे वर्षाच्या उत्पन्नाला १५ ने गुणायचं. मागे चार माणसं, म्हणून त्याच्या स्वतःच्या खर्चापोटी चौथा हिस्सा वजा. मोटार अपघातातली ही रीत न्यायालयं इथेही वापरतात. सगळा हिशेब त्या वहीवर उभा राहिला.

उलटतपासाच्या दिवशी वीज कंपनीच्या वकिलांनी ताईंना विचारलं, "अंधारात तुमच्या मिस्टरांकडे बॅटरी का नव्हती?"

ताई पिंजऱ्याचा कठडा धरून होत्या. म्हणाल्या, "अकरा वर्षं त्याच गल्लीत जात होते. खड्डा कुठे आहे, पाणी कुठे साचतं, त्यांना पाठ होतं. तार रस्त्यात कधीच नव्हती."

न्यायाधीश साहेबांनी ते शब्द जसेच्या तसे लिहून घ्यायला सांगितले.

दुपारी कंपनीचे अभियंता पिंजऱ्यात आले. तार पडल्याची खबर पावणेसहाला मिळाली, असं त्यांनी प्रतिज्ञापत्रात म्हटलं होतं. मी त्यांच्यापुढे शेजारच्या सोसायटीच्या वॉचमनचं रजिस्टर ठेवलं. निळ्या बॉलपेनने, वाकड्या अक्षरात: ४.१५, तारेवर ठिणग्या, फोन केला. खाली तक्रार क्रमांक. अभियंत्यांनी ती ओळ दोनदा वाचली. मग हळू आवाजात म्हणाले, "रात्रपाळीला दोनच माणसं होती. दुसरीकडे गेली होती." त्यांचा राग मला आला नाही. पण ४.१५ ला पुरवठा बंद झाला असता, तर तो माणूस त्या पाण्यातून चालत पुढे गेला असता.

कामकाज संपल्यावर ताई बाहेर बाकावर बसून राहिल्या. पैशांचं काही विचारलं नाही. म्हणाल्या, "मॅडम, वही परत कधी मिळेल?"

वहीवर आता 'निशाणी ३४' असा, पुराव्याच्या क्रमांकाचा शिक्का होता. अपिलाची मुदत जाईपर्यंत ती कोर्टातच राहणार, असं मी सांगितलं.

"मग शेवटच्या पानाची झेरॉक्स तरी?"

त्या पानावर जूनची बिलं वाटल्याच्या खुणा होत्या. तिसऱ्या गल्लीपर्यंत बारीक टिका, पुढे कोऱ्या चौकटी. दुसऱ्या दिवशी नकलेसाठी अर्ज केला.