ठकीला घेऊन दाभोळची फेरीबोट आणि पुढे गुहागर

मांजर माणसाला नाही, घराला चिकटतं असं सगळे म्हणतात, त्यामुळे ठकीला कोकणात नेतोय म्हटल्यावर सोसायटीतल्या लोकांनी आम्हाला वेड्यातच काढलं. पण तिला सांभाळणारी मैत्रीण नेमकी बाहेरगावी. रेल्वेचं बघितलं तर फर्स्ट एसीचा अख्खा कूपे घ्या, नाहीतर गार्डच्या डब्यातला पिंजरा. ठकी आणि गार्डचा डबा? शक्यच नाही. मग आपली गाडी, पुणे-ताम्हिणी-माणगाव-महाड-खेड-दापोली-दाभोळ.

पिंजरा (वरून उघडणारा घ्या हां, समोरून ओढून काढायला लागलं की मांजर चवताळतं) बरेच दिवस आधीपासून हॉलमध्ये उघडा टाकून ठेवला होता, आत तिची न धुतलेली चादर, खाऊ पण तिथेच. निघायच्या दिवशी ती आपणहून आत जाऊन बसली. ट्रायकॅट (मांजरांची तिहेरी लस) आणि रेबीजची लस झालेली होती, फाईल सोबत घेतली. निघायच्या चारेक तास आधी खाणं बंद, कारण ताम्हिणीची वळणं. उलटी थांबवायची किंवा शांत राहायची गोळी डॉक्टरांनी लिहून दिली तरच द्या, आपल्या मनाने माणसांची काही देऊ नका, पॅरासिटामॉल तर मांजराला चक्क विष आहे.

घाटात तिने जो सूर लावला तो माणगावपर्यंत! लाळ पण गाळली. नवरा म्हणाला घे मांडीवर, मी नाही घेतलं. सुटलेलं मांजर सरळ ड्रायव्हरच्या पायाशी ब्रेकखाली शिरतं. पिंजऱ्याला सीटबेल्ट लावलेला, वरून पंचा टाकला, पुढून फट ठेवली वारा यायला, आणि मग जरा गप्प झाली. खेडला आळीपाळीने जेवलो, एकजण कायम गाडीत एसी लावून, कारण बंद गाडी कोकणातल्या उन्हात किती पटकन तापते ते सांगायला नको. मांजर तोंड उघडून धापा टाकायला लागलं तर समजा उकाडा सहन होत नाहीये, लगेच गारव्यात न्या.

दाभोळच्या जेट्टीवर मला खरी धाकधूक होती. फेरीबोटीत गाडी चढताना तो लोखंडी रॅम्प धाडकन वाजतो, इंजिनाची थरथर पार सीटपर्यंत येते. ठकी आधी पसरून चपटी झाली, कान मागे. मग खाडीच्या मध्यावर कुणाच्या तरी टोपलीतल्या मासळीचा वास आला आणि पंच्याखालून एक गुलाबी नाक जाळीला टेकलं ते थेट पलीकडच्या धोपाव्याच्या जेट्टीपर्यंत तिथेच. वाशिष्ठी नदी बघायला आम्ही खाली उतरलोच नाही, तिचं नाकच बघत बसलो. चिपळूणवरून वळसा घातला असता तर हे सगळं हुकलं असतं.

गुहागरला काकूंचं कौलारू घर. काकूंचं म्हणणं एकच, "अगं मांजर ते, सोड की अंगणात, उंदीर खाईल." मी म्हटलं काकू, नको. जांभ्याच्या गडग्यात फुरसं असतं, विहिरीला काठडा बुटका, रात्री बिबट्या कुत्री उचलतो, आणि उंदरांचं औषध कुठे कुठे टाकलंय ते काकांनाच आठवत नव्हतं. त्यात गावचे बोके. म्हणून माजघराला लागून असलेली एकच खोली ठकीची केली. खिडकीला जाळी आहे का बघितलं, वर कौलांकडे जायची फट पोत्याने बुजवली, एका कोपऱ्यात घरूनच आणलेली लिटर (तिची शी-शूची वाळू), दुसऱ्या टोकाला पाणी. डासांची कॉइल त्या खोलीत नाही. गोठ्यातल्या गोचिडांमुळे काका कुत्र्याचं औषध मांजराला लावू म्हणत होते, तेही नाही, कुत्र्यांच्या अंगावर टाकायच्या काही औषधांमधलं परमेथ्रिन हे कीटकनाशक मांजराच्या जिवावर बेततं.

ती पलंगाखाली गेली ती गेलीच. ओढून काढायचं नाही, नुसतं खोलीत बसून राहायचं. मला एकच काळजी होती ती खाण्याची, कारण मांजर दोन दिवस पोटात काही घेत नसेल तर लिव्हरवर येतं, तेव्हा डॉक्टर गाठायलाच हवा. रात्री काकूंनी न बोलता काटे काढलेला बांगडा आणून ठेवला, नुसता पाण्यात उकडलेला, कारण कांदा-लसूण चालत नाही हे मी पढवून ठेवलं होतं. सकाळी ताटली चकाचक.

मग हळूहळू माजघर, मग ओटी, हार्नेस घालून अगदी खळ्यापर्यंत. समुद्र तिला दाखवायचा माझा बेत मात्र मी सोडून दिला. वाळू, कुत्री, उघडं आभाळ, यात मांजराला कसली मजा? व्याडेश्वराचं देऊळ आणि किनारा आम्ही दोघांनीच केला, तेवढा वेळ काकू खोलीचं दार लावून तिच्याशी गप्पा मारत बसायच्या.

येताना पहाटेच निघालो, उन्हाच्या आधी घाट गाठायला. पिंजऱ्यात घालताना काकू म्हणाल्या, "पुढच्या वेळी हिला इथेच ठेव, तुम्ही जा."